समोरचा वारा

एप्रिल लागला की आमच्या घरामागच्या मैदानावर गवत कापायचं यंत्र फिरू लागतं. साउथहॅम्प्टनला तेव्हा अजून थंडी असते, सकाळी गाडीच्या काचेवर दव गोठलेलं असतं. पण तो माणूस जाड जॅकेट घालून यंत्रावर बसतो आणि सावकाश, सरळ रेषेत, जात-येत राहतो. ओल्या गवताचा वास स्वयंपाकघराच्या खिडकीतून आत येतो. पूर्वी हा वास आला की मी फ्रिजचं दार पुसून ठेवत असे. तिथे सलीलच्या सामन्यांचा तक्ता लागायचा. तो तक्ता हे आपल्या हॉस्पिटलातून छापून आणायचे, चार कोपऱ्यांना चार चुंबक लावायचे आणि गाडीने जाऊन येण्यासारख्या गावांभोवती हिरव्या पेन्सिलीने गोल काढायचे.

यंदाचा तिसरा एप्रिल. फ्रिजच्या दारावर काही लावायचं नाही. तरी परवा मी ते पुसलं.

सलील आमचा एकुलता एक मुलगा. तो फास्ट बोलर होता. फार वेगवान नव्हे. इथले लोक ज्याला कामसू म्हणतील तसा. इंग्लंडात पगारावर क्रिकेट खेळणारे संघ काउंटीचे असतात. सलीलने ती नोकरी बारा वर्षं केली आणि बारा वर्षांत पाच काउंट्या झाल्या. कुठे दोन वर्षांचं काँट्रॅक्ट, कुठे एका वर्षाचं, कुठे तर नुसता एक उन्हाळा. एखाद्या संघाचे दोन चांगले बोलर जायबंदी झाले की सलीलला फोन यायचा. ते बरे झाले की फोन बंद. लेस्टरला महिनाभर होता तेव्हा बेलग्रेव्ह रोडच्या मागे एका गुजराती मावशींच्या वरच्या खोलीत राहिला. मावशी त्याला रोज सकाळी थेपले बांधून द्यायच्या आणि मला फोन करून सांगायच्या, "तुमचा मुलगा फार दमून येतो हो. त्याला दुसरं काहीतरी काम बघा ना."

आमच्या घरात पाच काउंट्यांचे टॉवेल आहेत. पाच रंगांचे ट्रॅकसूट आहेत. नवीन संघ मिळाला की जुने कपडे घालून फिरणं बरं दिसत नाही, म्हणून ते सगळे ह्यांच्याकडे यायचे. हे बागेत एका काउंटीची पँट आणि तिच्याशी पिढ्यान्पिढ्या वैर असलेल्या काउंटीचा स्वेटर घालून बटाटे लावायचे. शेजारचे म्हातारे गृहस्थ कुंपणावरून बघून म्हणायचे, "डॉक्टर, आज तुम्ही कुणाकडून?"

पांढऱ्या पँटच्या उजव्या मांडीवर चेंडू घासून घासून लाल डाग पडतो. तो जात नाही. मी व्हिनेगर लावून पाहिलं, सोडा लावून पाहिलं, थंड पाण्यात भिजत घातलं. डाग फिकट गुलाबी व्हायचा, तेवढंच. अजून दोन पँट कपाटात आहेत.

क्रिकेटमधलं मला फारसं कळत नव्हतं. मी शाळेच्या ग्रंथालयात नोकरी केली, सामन्यांनाही पुस्तक घेऊनच जायची, हे चहाचा फ्लास्क घेऊन. पण वाऱ्याचं मला ह्यांनी समजावून सांगितलं होतं. मैदानाला दोन टोकं असतात. एका टोकाकडून चेंडू टाकताना वारा पाठीशी असतो, दुसऱ्या टोकाकडून टाकताना तोच वारा छातीवर येतो. पाठीशी वारा घ्यायचा मान संघातल्या मोठ्या बोलरचा. दुसऱ्या टोकाकडून कुणीतरी टाकावंच लागतं, नाहीतर खेळ पुढे जाणार कसा? ते कुणीतरी म्हणजे सलील. बारा वर्षं आम्ही त्याला बहुतेक वेळा वाऱ्यात डोकं घालूनच धावत येताना पाहिलं. शर्ट अंगाला चिकटलेला, केस मागे उडालेले.

इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत लोक विचारायचे, "काय डॉक्टर, मुलगा अजून खेळतोच का?" त्या 'च'वर सगळा भार. मग, "टीव्हीवर कधी दिसणार?" एकदा मंडळातल्याच नीलाताईंच्या मिस्टरांनी मुद्दाम सगळ्यांसमोर विचारलं, "खेळणार कुणाकडून, इंडियाकडून की इंग्लंडकडून?"

हे मोदक खात होते. म्हणाले, "सध्या वाऱ्याविरुद्ध खेळतोय."

सगळे हसले. हेही हसले. पण मला त्यांच्या त्या उत्तरामागचं माहीत होतं. हे भूलतज्ज्ञ होते. भारतातून आलो तेव्हा सहा-सहा महिन्यांच्या नोकऱ्या असत. एका हॉस्पिटलात रुळेपर्यंत दुसऱ्या गावचं पत्र यायचं. कुकर, मिसळणाचा डबा आणि देव एका खोक्यात, पुस्तकं दुसऱ्या खोक्यात, की निघाली आमची गाडी. सलील जन्मला तेव्हा आम्ही हॉस्पिटलच्या क्वार्टरमध्ये होतो, पलंगही हॉस्पिटलचा होता. पुढे साउथहॅम्प्टनला कायमची जागा मिळाली, पण कन्सल्टंट, म्हणजे सगळ्यांत वरच्या हुद्द्याचे डॉक्टर, हे कधी झाले नाहीत. ऑपरेशन झालं की पेशंट सर्जनला चॉकलेटं आणून देतात. झोपवून पुन्हा सुखरूप उठवणाऱ्याचा चेहरा कुणाच्या लक्षात राहत नाही. त्याबद्दल ह्यांची कधी तक्रार नव्हती. पण सलीलला पहिल्या काउंटीने सोडलं तेव्हा तो गाडीच्या डिकीत सगळं सामान घेऊन दारात आला, आणि हे काहीही न विचारता बाहेर गेले, डिकी उघडली, बघितलं आणि म्हणाले, "जड सामान खाली ठेवायचं असतं रे. चल, पुन्हा लावू." घरीच आलेलं सामान त्या दोघांनी काढून पुन्हा नीट लावलं. मी खिडकीतून बघत होते. मग मी चहा टाकला.

ज्या सीझनबद्दल मला लिहायचं आहे तो ह्यांचा शेवटचा आणि त्याचाही शेवटचा.

त्या वर्षी सलील पाचव्या काउंटीकडे होता, दूर उत्तरेला. चौतिशीत आला होता. गुडघा सकाळी वाकायला वेळ घ्यायचा. काँट्रॅक्ट सप्टेंबरअखेर संपत होतं, आणि पुढे ठेवायचं की नाही ते शेवटच्या काही सामन्यांवर ठरणार होतं. जुलैच्या शेवटी ह्यांना कावीळ दिसली. स्वतःच आरशात डोळे पाहिले, स्वतःच तपासण्यांची नावं सांगितली, आणि रिपोर्ट आले तेव्हा कन्सल्टंटच्या आधी स्वतःच मला म्हणाले, "सुधा, स्वादुपिंड आहे. फार दिवस नाहीत."

मी विचारलं, "सलीलला कधी सांगायचं?"

"सीझन संपू दे."

इथे मला थोडं मागे जायला हवं. हे मिरजेला डॉक्टरीच्या शेवटच्या वर्षाला असताना कुरुंदवाडला त्यांचे आजोबा गेले. ह्यांना कळवलं नाही. परीक्षा चालू होती. आपल्याकडे असंच करतात. घरात काहीही होवो, परीक्षेला बसलेल्याच्या कानावर जाऊ द्यायचं नाही. बारा दिवस सगळं घर पत्रातून 'इकडे सर्व ठीक' लिहीत होतं. परीक्षा संपवून हे पेढे घेऊन घरी गेले. दाराआड आजोबांची काठी असायची, ती नव्हती. पेढ्यांचा पुडा हातात घेऊन उंबऱ्यात उभे राहिले, आणि त्यांच्या आईने तो पुडा हळूच काढून घेतला. ही गोष्ट हे मला लग्न झाल्यापासून सांगत आले होते, आणि दर वेळी सांगताना त्यांचा आवाज चढायचा. वडिलांना त्यांनी त्याबद्दल कधी माफ केलं नाही.

म्हणून मी म्हटलं, "अहो, तुम्हीच ना ते? काठीचं विसरलात?"

"विसरलो नाही." रिपोर्टची घडी घातली. मग म्हणाले, "मी परीक्षा पुन्हा देऊ शकलो असतो, सुधा. ह्याला पुढच्या सप्टेंबरला कोण विचारतंय?"

 ह्यावरचं उत्तर मला आज सुचतं, पण आज काय उपयोग.

मग ऑगस्टभर आम्ही दोघांनी ते नाटक केलं. सलीलचा व्हिडिओ कॉल यायचा तेव्हा हे खिडकीकडे पाठ करून बसायचे, म्हणजे चेहरा सावलीत जाई. अंगात त्याच्याच जुन्या काउंटीचा जाड स्वेटर. "बाबा, ऑगस्टमध्ये स्वेटर?" तो विचारायचा. "तुझी आई हीटिंग लावू देत नाही," हे सांगायचे, आणि मी मागून, "बिल बघितलंत का?" असं ओरडायची. तिघंही हसायचो. कॉल संपला की मी त्यांना हात देऊन खुर्चीतून उठवायची.

सप्टेंबरच्या मध्यावर सलीलचा संघ आमच्या बाजूला खेळायला आला. साउथहॅम्प्टनपासून गाडीने चाळीस मिनिटांवर समुद्राकाठचं गाव, तिथलं छोटं मैदान. तक्त्यावर त्या गावाभोवती हिरवा गोल एप्रिलमध्येच काढलेला होता. चार दिवसांचा सामना. एवढ्या जवळ असून बाबा येत नाहीत म्हणजे काय सांगायचं? "बाबांना सर्दी झालीये, तुला नको लागायला," मी फोनवर म्हटलं. तो म्हणाला, "ओके आई, टेल हिम टू रेस्ट. मी मॅच संपला की येतोच." त्याचं मराठी असंच आहे. मी सुधारायचं केव्हाच सोडलं.

सामना सुरू झाला त्याच दिवशी ह्यांना हॉस्पिटलात हलवावं लागलं. ज्या इमारतीत तीस वर्षं नोकरी केली तिथेच. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या वेळेला त्यांनी डोळे उघडले, जरा स्वच्छ उघडले, आणि म्हणाले, "बोलाव त्याला."

मी फोन केला. लागला नाही, आणि लागणार नाही हे मला माहीत असायला हवं होतं. सामन्याच्या दिवशी खेळाडूंचे फोन सकाळी काढून घेतात, एका पेटीत कुलूप लावून ठेवतात, कुणी बाहेर बातम्या पुरवू नयेत म्हणून. संध्याकाळी खेळ संपला की परत देतात. मी म्हटलं, "ऑफिसला फोन करून निरोप देऊ?"

"नको. परक्या माणसाकडून नको," हे म्हणाले. "तूच जा."

नीलाताई आल्या होत्या. त्याच, ज्यांच्या मिस्टरांनी गणपतीत चेष्टा केली होती. डब्यात मऊ भात घेऊन रोज येत होत्या. म्हणाल्या, "जा तुम्ही, मी बसते ह्यांच्याजवळ. हळू चालवा हं."

मैदानाच्या फाटकातून आत शिरले तेव्हा वारा एवढा होता की डोक्यावरची ओढणी सांभाळवेना. सीगल ओरडत होते. लांबच्या खुर्च्यांवर पांघरुणं घेतलेले दहा-बारा म्हातारे. पॅव्हेलियन समोरच दिसत होतं, फार तर पन्नास पावलं. पण फाटक खेळपट्टीच्या अगदी सरळ रेषेत, आणि तिथे ब्लेझर घातलेला एक वृद्ध स्टुअर्ड उभा. त्याने हात आडवा केला. "ओव्हर संपेपर्यंत थांबाल का जरा, लव्ह? बॅट्समनच्या नजरेत येतं." तिथली ती रीतच आहे. बोलर टाकत असताना त्याच्या मागून कुणी हलायचं नाही. मी थांबले.

ओव्हर संपली. स्टुअर्डने हात खाली केला, हसून वाट दिली. आणि तेवढ्यात पलीकडच्या टोकाला सलीलने डोक्यावरची टोपी काढून अंपायरच्या हातात दिली. म्हणजे आता तो टाकणार.

त्या टोकाकडून येताना वारा त्याच्या तोंडावर होता.

जवळच एक बाक होता. कुणा जोडप्याला हे मैदान आवडायचं, त्यांच्या नावाची पितळी पट्टी त्यावर लावलेली. मी त्यावर बसले. मनात म्हटलं, एवढी ओव्हर होऊ दे.

स्टुअर्ड पुढे सरकून म्हणाला, "आता जाऊ शकता तुम्ही." मी मान हलवली आणि बसूनच राहिले. दूरवर तो वळला, चेंडू मांडीवर घासला, गुडघा एकदा झटकला आणि धावत निघाला. थेट माझ्याकडेच येतोय असं वाटत होतं. एवढ्या वर्षांत मी त्याच्या खेळाकडे इतकं लक्ष देऊन कधी पाहिलं नव्हतं, नेहमी मांडीवर पुस्तक असायचं. चेंडू पडल्यावर तो कमरेवर हात ठेवून क्षणभर उभा राहतो, ओठ आत ओढून घेतो, हे मला त्या दिवशी कळलं. अगदी ह्यांच्यासारखं. मी पॅव्हेलियनमध्ये जाऊन दोन शब्द बोलले की हे थांबणार होतं, कदाचित कायमचं. पुढची ओव्हर. मग त्यापुढची. स्लिपमध्ये एक झेल उडाला आणि सुटला. म्हातारे हळहळले. सलील फक्त मागे वळला आणि चालू लागला.

पाच ओव्हर त्याने टाकल्या. मी पाचही ओव्हर बसून राहिले. मग अंपायरने टोपी परत दिली आणि मी उठले.

गाडी त्याने चालवली. पांढऱ्या कपड्यांतच होता, बूट तेवढे बदलले होते. मी सगळं सांगितलं, जुलैपासूनचं. त्याने एकदाच विचारलं, "एक्झॅमसारखं केलं तुम्ही?" काठीची गोष्ट त्यालाही माहीत होती. मी हो म्हटलं. 

वॉर्डात पोचलो तेव्हा हे झोपले होते. त्या झोपेतून ते उठले नाहीत. सलील दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत त्यांचा हात धरून बसला. डागाच्या पँटमध्येच. हे गेले तेव्हा त्याने माझ्याकडे पाहिलं नाही, मॉनिटरकडे पाहिलं.

नीलाताईंनी मला कॉरिडॉरमध्ये बाजूला घेऊन सांगितलं होतं, "अर्ध्या तासापूर्वीपर्यंत जागे होते हो. पाणी मागितलं. आणि मला विचारलं, आज वारा कुठल्या बाजूने आहे? मला काही कळेना, मी म्हटलं, खिडकी बंद आहे."

अर्धा तास. मी किती वेळ बाकावर होते ते मला बरोबर माहीत होतं.

काउंटीचा फोन तेराव्यानंतर आला. फार सभ्यपणे बोलले. दुःखात सहभागी आहोत म्हणाले, आणि पुढच्या वर्षी जागा नाही म्हणाले. सलील मेडनहेडला एका शाळेत खेळाचा शिक्षक झाला. मुलं त्याला आवडतात. तो त्यांना सगळ्यांना आळीपाळीने दोन्ही टोकांकडून टाकायला लावतो, असं मला त्याच्या बायकोने सांगितलं; लग्न त्याने तिथे गेल्यावर केलं.

नीलाताईंनी सांगितलेलं ते वाक्य मी त्याला सांगितलं नाही. ते सांगायचं तर अर्ध्या तासाचं सांगावं लागलं असतं, आणि अर्ध्या तासाचं सांगायचं तर बाकाचं. अडीच वर्षं मी ते जपून ठेवलं. ज्या माणसाने आपल्या वडिलांना कधी माफ केलं नाही त्याच्याजवळ मी चाळीस वर्षं राहिले होते. न सांगितलेल्या गोष्टीचं काय होतं ते मला ठाऊक होतं, तरीही.

गेल्या रविवारी सलील आला होता. आमच्या मागच्या बागेतलं गवत त्यानेच कापलं. ह्यांनी लावलेल्या बटाट्यांच्या वाफ्यात आता मी काही लावत नाही, तिथेही गवत वाढलंय. कापून झाल्यावर तो पायरीवर बसला, गुडघा दोन्ही हातांनी चोळत. मी चहा आणून दिला आणि त्याच्या शेजारी बसले. मैदानावरचा तो माणूस यंत्राने पांढऱ्या रेघा आखत होता. सगळीकडे तो वास.

मी म्हटलं, "सलील, त्या दिवशी मी मैदानावर आले ना, ती तू थांबल्यावर नाही आले. आधीच आले होते. बाकावर बसले होते. पाच ओव्हर."

तो चहाच्या कपाकडे बघत राहिला. मग म्हणाला, "आय नो."

"काय?"

"मी बघितला होता तुला, आई. पहिल्याच बॉलला. तू एकटी होती. बुक नव्हता हातात, आणि बाबांची ती फ्लास्क पण नव्हती." कप खाली ठेवला. "मला कळलं लगेच. सर्दीला कोण आई एवढ्या लांब येते?"

मी त्याच्याकडे वळले.

"तीन ओव्हर झाल्या तेव्हा कॅप्टन आला. म्हणाला, दमलास, बास कर. मी म्हटलं, नो, अजून दोन दे." त्याने तळहात उघडून त्याच्याकडे पाहिलं, जणू चेंडू अजून तिथे होता. "बॉल माझ्याकडे आहे तोपर्यंत तू उठणार नाही, मला माहीत होतं. आणि तू उठली नाही तोपर्यंत बाबा ठीक आहेत. असं काहीतरी. स्टुपिड."

"नाही रे."

"मी कधी सांगितलं नाही कारण मला वाटलं, तू म्हणशील, 'मला बघूनसुद्धा तू आला नाहीस.'"

कुंपणापलीकडे यंत्र बंद झालं.  चहावर साय आली. मग मी त्याला नीलाताईंचं सांगितलं. ह्यांनी पाणी मागितलं ते, आणि मग काय विचारलं ते. तसंच्या तसं, ह्यांच्याच शब्दांत.

सलीलने दोन्ही हात चेहऱ्यावर घेतले. खांदे हलत होते. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला, शर्ट घामाने ओला होता. दोरीवर वाळत घातलेली माझी साडी वाऱ्याने फुगली, पडली, पुन्हा फुगली.

थोड्या वेळाने त्याने डोळे पुसले. माझ्याकडे वळला नाही, समोर मैदानाकडे बघतच बोलला, अगदी हळू, जसं फोनवर ह्यांना रोजच्या खेळाचं सांगायचा तसं.

"समोरून होता, बाबा. पूर्ण वेळ समोरूनच."